घोटा दुखत नव्हता

“मॅडम, पोराला अकॅडमीनं परत पाठवलंय. वय १६. खेळू द्यायचं का बंद करून अभ्यासाला लावायचं? तुम्ही सांगाल तसं करू.”

थोड्याफार फरकानं हाच मेसेज मला दरवर्षी चार-पाच घरांतून येतो. कोल्हापुरात समुपदेशन करायचं म्हणजे फुटबॉल टाळून चालत नाही. इथं पेठांतल्या कुस्तीच्या तालमींचेच फुटबॉल संघ झाले, आणि पाटाकडील किंवा शिवाजी तरुण मंडळाची मॅच असली की शाहू स्टेडियमवर पाय ठेवायला जागा नसते. अशा गावात अकॅडमीतून परत आलेलं पोरगं घरात लपवता येत नाही. त्या चार-पाच घरांसाठी एक अनुभव सांगते. कुटुंबाची परवानगी आहे, ओळख पटेल असे तपशील बदललेत. मुलाला मी बारक्या म्हणते. मैदानावरचं त्याचं टोपणनाव साधारण याच अर्थाचं होतं.

बारक्या माझ्याकडं आला तो घोट्यामुळं. तेराव्या वर्षी तो दुसऱ्या शहरात निवासी अकॅडमीत गेला होता. तीन वर्षांनी एका जूनमध्ये अचानक घरी आला आणि म्हणाला, घोट्याला लागलंय, महिनाभर विश्रांती सांगितलीय. वडील शिरोली एमआयडीसीत फाउंड्रीत कामाला. सुट्टी टाकून त्यांनी त्याला हाडांच्या डॉक्टरांकडं नेलं. एक्स-रे स्वच्छ. पंधरा दिवसांनी पुन्हा नेलं, पुन्हा स्वच्छ. डॉक्टर मुरलेले होते. त्यांनी वडिलांना बाहेर बसवलं आणि पोराला एवढंच विचारलं, “परत कधी जायचंय?” पोरगं रडायलाच लागलं. तीन आठवडे त्यानं एकट्यानं ते सांभाळलं होतं.

पहिल्या भेटीत तो काही बोलला नाही. मी ‘का सोडलं’ हे विचारलं नाही, कारण ते त्यालाही ठाऊक नसतं. शेवटच्या दिवशी बॅग कोणी भरली, असं विचारलं. त्यावर तो हळूहळू सुटला. नाश्त्यानंतर चौघांना ऑफिसात बोलावलं. सर चांगलं बोलले, पाठीवर हात ठेवला. ट्रॅकसूट आणि बिब स्टोअरमध्ये जमा केली. रूममेट प्रॅक्टिसला गेले होते, त्यामुळं बॅग एकट्यानंच भरली. दुपारी एसटीत बसल्यावर मोबाइल बघितला तर संघाच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपमधून त्याला काढलेलं. “सर बोलले तेव्हा काय वाटलं नाही मॅडम. ग्रुपमधनं काढलेलं बघितलं तेव्हा पोटात कालवलं.”

इथं मी चूक केली. म्हणाले, “अरे, फुटबॉल म्हणजे काही सगळं आयुष्य नव्हे.” त्यानं मान हलवली आणि पुढच्या दोन भेटींना आलाच नाही. तेराव्या वर्षापासून पहाटे पाचला उठणाऱ्या मुलाला हे सांगणं म्हणजे मयताच्या घरी जाऊन माणसं येतात-जातात म्हणण्यासारखं. बरोबर असेल, पण ती वेळ नव्हे.

तिसऱ्यांदा त्याची आई त्याला घेऊन आली. कोल्हापुरी बायका बोलतात तशी ती म्हणाली, “मी बघतोय ना, पोरगं अजून पाचला उठतंय, बूट घालून कट्ट्यावर बसतंय, आन् सातला बूट काढून परत झोपतंय.” त्या दिवशी मी त्याला कागद दिला आणि एक भाकरी काढायला सांगितली. ही भाकरी म्हणजे तू, तुझ्यात जे जे आहे त्याचे तुकडे पाड. त्यानं गोल काढला, मध्ये ‘फुटबॉल’ लिहिलं आणि पेन खाली ठेवलं. एकही तुकडा पाडला नाही. मी काही म्हणाले नाही, कागद फाइलला लावून ठेवला. मग सरळ विचारलं, मरून जावं असं कधी मनात येतं का. पालकांना हा प्रश्न ऐकून धक्का बसतो, पण विचारल्यानं विचार डोक्यात शिरत नाही, उलट मुलाला बोलायला वाट मिळते. तो म्हणाला, नाही, पण झोपून उठूच नये असं वाटतं. हेही हलक्यात घ्यायचं नसतं. म्हणून त्या महिन्यात त्याला आठवड्यातून दोनदा बोलावलं, एका मानसोपचारतज्ज्ञांनाही दाखवलं, आणि टेली-मानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा १४४१६ हा नंबर आई आणि मुलगा दोघांच्याही मोबाइलमध्ये टाकून दिला.

खरी गाठ सापडली ती त्यानंतर. अकॅडमीत असताना रोज रात्री नऊला पप्पांचा फोन यायचा. पहिला प्रश्न, “खेळवलं का?” दुसरा, “किती मिनिटं?” पहिल्या वर्षी तो खरं सांगायचा. दुसऱ्या वर्षी बाकीची मुलं ताडमाड वाढली, हा तसाच राहिला आणि बेंचवर आला. मग तो मिनिटं वाढवून सांगायला लागला. दहाची वीस, वीसची चाळीस. शेवटच्या चार महिन्यांत तर बसूनच असायचा आणि घरी पूर्ण मॅच सांगायचा. घोट्याचं खोटं जूनमधलं नव्हतंच. ते दीड वर्ष आधी, मिनिटांपासून सुरू झालं होतं.

हे वडिलांना सांगायची परवानगी मी त्याच्याकडून घेतली. वडील बराच वेळ गप्प होते. मग स्वतःचं सांगू लागले. नव्वदच्या दशकात ते पेठेकडून हाफला खेळायचे. गुडघा गेला तेव्हा ऑपरेशनला पैसे नव्हते. “पोराच्या मॅचचं रोज तालमीत सांगायचो मॅडम. आता तिथं काय तोंड दाखवू?” मी विचारलं, रात्री नऊचा फोन नक्की कुणासाठी होता? त्यांनी उत्तर दिलं नाही आणि मीही पुन्हा विचारलं नाही. मात्र दोन्ही बाजूंनी एक नियम ठरवला. पोरगा कुठंही खेळो, घरच्यांनी खेळाचं आपण होऊन विचारायचं नाही. जेवलास का, झोपलास का, एवढंच. खेळाचं सांगायचं की नाही, कधी सांगायचं, ते तो ठरवेल.

आता मूळ प्रश्न. खेळू द्यायचं की नाही?

पालकांना माझ्याकडून ‘पोरगा खेळाडू होईल की नाही’ हे हवं असतं. ते मला सांगता येत नाही, आणि सोळाव्या वर्षी ते छातीठोकपणे सांगणाऱ्या कोचवरही माझा विश्वास नाही. बारक्याचा जन्म नोव्हेंबरातला. वयोगट १ जानेवारीपासून मोजतात, म्हणजे गटातल्या जानेवारीच्या मुलापेक्षा तो दहा महिन्यांनी लहान. त्यात मुलांची उंची झपाट्यानं वाढण्याचा काळ सरासरी चौदाच्या आसपास असला तरी कुणाचा बाराव्या वर्षी येतो, कुणाचा सोळाव्या. एका गटातली दोन मुलं शरीरानं तीन-चार वर्षं पुढं-मागं असू शकतात. वरून दाखल्यावरचं वय कमी करणारे महाभाग आहेतच. उगीच का डाव्या मनगटाचा एक्स-रे काढून हाडांचं वय तपासावं लागतं! बालरोगतज्ज्ञांनी तपासलं तेव्हा त्याची वाढ उशिराची निघाली, अजून उंची वाढायला जागा होती. हे मी त्याला सांगितलं ते आशा म्हणून नव्हे, माहिती म्हणून. अकॅडमीनं सोडलं त्यात तुझा कमीपणा किती आणि कॅलेंडरचा किती, हे त्याला वेगळं करता यावं म्हणून.

दुसरी बाजूही तितकीच स्पष्ट मांडली. आयएसएल, म्हणजे इंडियन सुपर लीग या देशातल्या सगळ्यांत वरच्या फुटबॉल स्पर्धेत २०२४-२५च्या हंगामात १३ संघ होते. एका संघात २८ जण धरले आणि परदेशी खेळाडू वजा केले, तर अख्ख्या देशातल्या मुलांसाठी पावणेतीनशे-तीनशे जागा होतात. त्याही दरवर्षी रिकाम्या होत नाहीत. खालच्या श्रेणीच्या लीगही आहेत, पण तिथल्या पैशावर घर चालेल असं मी कुणाला सांगणार नाही. आणि दोष नेहमी मुलाचाच असतो असंही नाही. एकट्या पुण्यात पुणे एफसी, भारत एफसी, डीएसके शिवाजीयन्स आणि एफसी पुणे सिटी असे चार क्लब २०१५ ते २०१९ या काळात बंद झाले. चांगली खेळणारी मुलंसुद्धा एका पत्रकार परिषदेत रस्त्यावर येतात. २०२५च्या जुलैत तर आयएसएलचा पुढचा हंगामच लटकला होता. तेव्हा ज्यांची मुलं ‘पोचली’ होती त्या घरांतही झोप नव्हती.

इथं बारक्याच्या मामानं व्हॉट्सअ‍ॅपवरची एक गोष्ट आणली. इंग्लंडच्या जेमी वार्डीला पोरवयात उंची कमी म्हणून शेफील्ड वेन्सडे क्लबनं सोडलं, तो कारखान्यात राबला आणि २०१६ मध्ये लेस्टर संघाबरोबर तिथली सगळ्यांत वरची स्पर्धा, प्रीमियर लीग, जिंकला. गोष्ट खरी आहे. पण त्याच्यासारख्याच सोडलेल्या आणि कारखान्यातच राहिलेल्या पोरांची गोष्ट कुणी फॉरवर्ड करत नाही. मला त्यापेक्षा अनिकेत जाधवचं उदाहरण जवळचं वाटतं. आपल्या कोल्हापूरचा, रिक्षा चालवणाऱ्या वडिलांचा मुलगा. पुण्यात बालेवाडीच्या क्रीडाप्रबोधिनीतून पुढं गेला आणि २०१७च्या १७ वर्षांखालील विश्वचषकात भारताकडून खेळला. त्याच संघातल्या अन्वर अलीला दोन वर्षांनी हृदयाचा आजार निघाला, खेळ थांबला, मग डॉक्टर आणि देशाचं फुटबॉल फेडरेशन यांच्यात अडकून शेवटी २०२१ मध्ये तो मैदानावर परतला. वर पोचलेल्यांची वाटसुद्धा अशी आहे.

मधल्या काळात दोन आमिषं आली. तालमीतले काका म्हणाले, सीनियरला उतरवा की, चार पैसे मिळतील. सीनियरच्या मॅचला परदेशी खेळाडूही आणलेले असतात. वाढ अर्धवट असलेल्या पोराला ८० किलोच्या गड्यासमोर उभं करायचं, हे मला पटलं नाही, आणि गुडघा गमावलेल्या वडिलांना तर समजावूनच सांगावं लागलं नाही. दुसरा एक ‘एजंट’. साडेतीन लाख भरा, स्पेनच्या क्लबशी करार करून देतो. आईनं सोनं मोडायची तयारी केली होती. मी फक्त एवढं सांगितलं, की १८ वर्षांखालच्या मुलाला दुसऱ्या देशातल्या क्लबात नोंदवायला फिफाचा नियमच आडवा येतो, अपवाद मोजके आहेत आणि पैसे भरणं हा त्यातला अपवाद नाही. नियमाचं नाव काढल्यावर त्या माणसानं फोन उचलणं बंद केलं.

मग आम्ही चौघांनी बसून दोन वर्षांचा हिशेब घातला. अकरावी कॉमर्स, नियमित कॉलेज. दहावी त्यानं १७ नंबरचा फॉर्म भरून, म्हणजे शाळेत न जाता बाहेरून, काठावर काढली होती आणि वर्गात बसायची सवय गेली होती. एका स्थानिक क्लबाच्या ज्युनियर संघात खेळायचं. त्याआधी एक कटकट निघाली. फेडरेशनच्या सीआरएस या ऑनलाइन नोंदणीत तो अजून जुन्या अकॅडमीच्याच नावावर होता. तिथून मोकळं करून घ्यायला दीड महिना गेला. हे पालकांनी पहिल्याच आठवड्यात बघावं. आणि आठवड्यातला मंगळवार कोरा ठेवायचा, त्या दिवशी बॉलला पाय लावायचा नाही. पहिले कित्येक मंगळवार त्याला खायला उठायचे. मग तो आईबरोबर भाजी आणायला जायला लागला, नंतर शेजारच्या पोराची मोटरसायकल खोलायला. दोन वर्षांनी पुन्हा बसायचं आणि पुढचं ठरवायचं. त्या आधी ‘सोड’ कुणी म्हणायचं नाही आणि ‘तू होणारच’ असंही कुणी म्हणायचं नाही.

सरळ काही झालं नाही. ऑक्टोबरात एका ट्रायलमध्ये पहिल्याच दिवशी बाहेर पडला आणि दोन दिवस जेवला नाही. वडिलांनी एकदा नियम मोडला, मैदानाच्या जाळीबाहेरून ओरडले, आणि त्या रात्री घरात मोठं भांडण झालं. पण त्या भांडणात पोरगा पहिल्यांदा वडिलांच्या तोंडावर म्हणाला, “आज वाईट खेळलो मी. मला माहितीये.” आईनं मला फोन करून हे सांगितलं तेव्हा मला बरं वाटलं. मिनिटं वाढवून सांगणारं पोरगं होतं ते.

आता तो १८ पूर्ण आहे. चार बोटं उंच झालाय, फार नाही. बारावी झाली. रविवारी सकाळी पेठेतल्या लहान मुलांना शिकवतो, कोचिंगचं डी लायसन्स करायचं त्याच्या डोक्यात आहे. वडील म्हणतात पोलीस भरतीतल्या खेळाडू कोट्याचं बघ, तो म्हणतो बघू. जुना भाकरीचा कागद मी त्याला दाखवला तेव्हा हसला आणि म्हणाला, “ठेवा तुमच्याकडं.”

मागच्या महिन्यात गोव्यातल्या एका क्लबाच्या २१ वर्षांखालील संघाच्या निवडीसाठी तो गेला होता. तीन दिवसांची ट्रायल. आईनं नंतर सांगितलेलं लिहिते. तिसऱ्या दिवशी रात्री नऊला फोन आला. स्पीकरवर टाकला होता. वडिलांनी विचारलं, जेवलास का? हो. काय होतं? मासे. झोप झाली का? झाली. मग दोघंही गप्प. वडील फोन ठेवणार तेवढ्यात पलीकडून आवाज आला, “पप्पा, आता विचारा की.”