ध्वनी आणि हवा यांपासून बनणारे जादुई खनिज कथेत पटण्याजोगे कसे रंगवावे?

जादू एकाच टप्प्यावर ठेवावी आणि बाकीचे भौतिकशास्त्रावर सोपवावे, असे माझे मत आहे. बंद नळीत ध्वनीच्या स्थिर (पुढे न सरकता जागीच राहणाऱ्या) तरंगांमुळे बारीक भुकटी ठरावीक अंतरावर गोळा होते, हे जर्मन भौतिकशास्त्रज्ञ ऑगस्ट कुंट यांनी 1866 मध्ये दाखवले होते. तेव्हा तुमच्या कथेतील गुहेत एकच स्वर सतत घुमत असेल, तर हे खनिजही अशाच निस्पंद बिंदूंवर, म्हणजे हवा जवळपास न हलणाऱ्या जागी, थरांनी साचेल. 20 अंश सेल्सिअसला हवेत ध्वनीचा वेग सेकंदाला सुमारे 343 मीटर असतो, म्हणून 343 हर्ट्‌झच्या स्वराचे थर अर्ध्या तरंगलांबीवर, म्हणजे साधारण 50 सेंटिमीटर अंतरावर येतील आणि स्वर एक सप्तक चढला की ते अंतर निम्मे होईल. थर मोजून जुना स्वर ओळखणारे पात्र इथे सहज सुचते!

खरी अडचण हवेची आहे, कारण तिच्यातील नायट्रोजन उणे 210 अंशांच्या आसपास गोठतो. सामान्य तापमानाला तिचा स्फटिक होणे, एवढीच जादू मानावी. ध्वनीची ऊर्जा फार अल्प असल्याने खनिजाची वाढ मात्र शतकानुशतके चालणारी दाखवावी, आणि निर्वात जागेत ते मुळीच तयार होऊ नये.