युद्धानंतरच्या जपानी सिनेमात सगळं दिग्दर्शकच ठरवत असतील, तर संकलकाच्या करिअरला काय अर्थ होता?

तुम्ही हा प्रश्न सहज विचारला असेल. मला तो १९९१ साली अंधेरीतल्या एका भाड्याच्या एडिटिंग रूममध्ये रात्री अडीच वाजता विचारला गेला होता. चहाचा ग्लास स्टीनबेकवर, म्हणजे फिल्म कापायच्या टेबल-मशीनवर, ठेवून (हे कुणीही, कधीही करू नये) आमचे दिग्दर्शक म्हणाले, "अगं, ओझूला कधी एडिटर लागला का?"

लागला होता. यासुजिरो ओझू हे जपानचे मोठे दिग्दर्शक, आणि त्यांचा संकलक होता योशियासु हामामुरा. ओझूंचा १९४९चा 'लेट स्प्रिंग', १९५३चा 'टोकियो स्टोरी', १९६२चा अखेरचा 'अ‍ॅन ऑटम आफ्टरनून', सगळीकडे संकलक म्हणून त्याचं नाव आहे. त्या रात्री मला ते माहीत नव्हतं, म्हणून गप्प बसले. अजून सलतं.

भांडण एका साध्या प्रसंगावरून होतं. मुलगा रात्री उशिरा घरी येतो. आई विचारते, "जेवून आलास?" तो म्हणतो, "हो." बस, एवढंच. मी आईचं वाक्य संपल्यावर तिच्यावरच १८ फ्रेम थांबले होते. म्हणजे पाऊण सेकंद. तेवढ्यात तिला कळतं की हा आता खोटं बोलणार. दिग्दर्शकांचं म्हणणं, गॅप काढ, लोक झोपतील. काढला. सकाळी परत लावला. संध्याकाळी त्यांनी स्वतः बसून परत काढला. वर्क प्रिंटवर (म्हणजे कापाकापीसाठीची कामाची प्रत) त्या जागी टेपचे इतके जोड झाले की तिथे आला की पिक्चर उडी मारायचा. शेवटी गॅप गेला तो गेलाच, आणि पडद्यावर 'संकलन' या शब्दाखाली त्यांचं नाव आलं. माझं नाव आलं साहाय्यकांत, मेकअपवाल्याच्या साहाय्यकाच्या वर.

पुढे पुण्यात फिल्म अर्काइव्हमध्ये 'टोकियो स्टोरी' नीट पाहिला, आणि माझं लक्ष कथेवर राहीचना. एकाचं वाक्य संपतं, जराशी फट, कट, पुन्हा जराशी फट, दुसऱ्याचं वाक्य. सेकंदाहूनही कमी, पण दोन तास सोळा मिनिटं ती फट हलत नाही. ना डिझॉल्व्ह (एक दृश्य दुसऱ्यात विरघळणं), ना फेड (दृश्य अंधारात विरणं). ओझूंनी स्वतःसाठी खास स्टॉपवॉच करून घेतलं होतं, त्यात सेकंदांबरोबर फिल्मचे फूटही दिसायचे. म्हणजे मोजमाप त्यांचंच, हे कबूल. पण नट काही घड्याळ लावून बोलत नाहीत. कुणी श्वास आधी घेतो, कुणी ओठ उशिरा मिटतो. तरी प्रत्येक जोडावर ते अंतर सारखंच वाटलं पाहिजे, हे काम टेबलावर बसून, फ्रेम पुढेमागे करूनच होतं.

१९६१ साली ओझूंनी 'द एंड ऑफ समर' त्यांच्या नेहमीच्या शोचिकू स्टुडिओबाहेर, तोहो या स्टुडिओसाठी केला. तिथे संकलक होते कोइची इवाशिता, म्हणजे दुसरे मोठे दिग्दर्शक अकिरा कुरोसावा, त्यांच्या 'इकिरू'चे. यावर आमचे दिग्दर्शक म्हणतील, बघ, एकाच माणसाने दोघांचं केलं, म्हणजे दिग्दर्शकच खरा. माझं उत्तर, गवयी बदलला की तबलजी ठेका बदलतो. म्हणून तबलजीला घरी पाठवत नाहीत.

करिअरचं विचारलंत ते राहूनच गेलं. स्टुडिओची पगारी नोकरी, वर्षानुवर्षं एखाद्या जुन्याजाणत्याच्या हाताखाली, आणि मग ठरावीक दिग्दर्शकांशी बांधलेलं आयुष्य. काम भरपूर. १९५८ साली जपानात ११२ कोटींहून जास्त तिकिटं विकली गेली, १९६० साली ५४७ चित्रपट निघाले. मग टीव्ही आला आणि घसरण लागली. १९७१ साली दाएई या स्टुडिओचं दिवाळं निघालं.

संकलनात बायकाही होत्या, आणि त्यांचं कुणी बोलत नाही. 'किनेमा जुनपो' या जपानी सिनेमासिकाच्या १९५४च्या सर्वोत्तम चित्रपटांच्या यादीत पहिला होता दिग्दर्शक किनोशितांचा 'ट्वेंटी-फोर आइज', आणि कुरोसावांचा 'सेव्हन सामुराई' तिसरा. त्या पहिल्या चित्रपटाची संकलक होती योशी सुगिहारा. किती फिल्मवेड्यांना हे नाव माहीत आहे? ताझुको साकाने तर १९३६ साली चित्रपट दिग्दर्शित करणारी जपानची पहिली स्त्री. युद्धानंतर मांचुरियाहून परतल्यावर पदवी नाही म्हणून तिला दिग्दर्शक घेतलं नाही. क्योतोच्या स्टुडिओत स्क्रिप्ट आणि एडिटिंगची कामं करत राहिली.

तुम्ही या क्षेत्रात यायच्या विचारात असाल तर एकच सांगते. श्रेयनामावलीत तुमचं नाव कोणत्या शब्दाखाली येणार, हे पहिली रीळ हातात घ्यायच्या आधी कागदावर घ्या. आता रीळ नसते, हार्ड डिस्क असते. तेच.

आणि हो, कुरोसावांच्या कामाच्या पद्धतीचं मी मुद्दाम टाळलं, कारण तिथे तुमचा मुद्दा बराचसा बरोबर आहे. ते खरंच स्वतः कापत, शूटिंग चालू असतानाच रोजच्या रशेस, म्हणजे त्या दिवशी चित्रित झालेली फिल्म, जोडत जात. पण ते कुरोसावा होते. अंधेरीत माझ्या मशीनवर चहा सांडणारे गृहस्थ नव्हते.