खोडायच्या आधी तपास

नागपूर

प्रिय मित्रा,

नकाशांवरच्या शंकास्पद बेटांचा तक्ता करताना, समुद्रात नसलेलं बेट नकाशावर कसं येतं, असं तू विचारलंस. एक मोठं कारण रेखांशाची चूक. ती आपल्या गच्चीवरच समजून घेता येते.

15 एप्रिलच्या सुमारास सूर्य आणि घड्याळ यांचा मेळ बसतो, तो दिवस धर. डोक्याला दुपट्टा बांध, ऊन कडक असतं. एक मीटरची काठी ओळंब्याने सरळ उभी कर आणि बुडाभोवती 50 सेंटिमीटर त्रिज्येचं वर्तुळ काढ. सावलीचं टोक साडेदहानंतर वर्तुळात शिरेल, दोनच्या जरा आधी बाहेर पडेल. दोन्ही वेळा सेकंदांसह लिही. त्यांचा मध्य ही आपली खरी मध्यान्ह. सर्वांत आखूड सावली शोधत बसू नकोस, कारण तेव्हा तिची लांबी जेमतेम बदलते आणि नेमका क्षण हाती लागत नाही. उत्तर 12 वाजून 13 मिनिटं 40 सेकंदांच्या आसपास यावं, कारण आपण भारतीय वेळेच्या 82°30′ या प्रमाण रेखांशाच्या 3°25′ पश्चिमेला आहोत आणि सूर्याला एका अंशाला चार मिनिटं लागतात. नोव्हेंबरच्या सुरुवातीला मात्र सुमारे 16 मिनिटांची दुरुस्ती करावी लागते.

आता घड्याळ चार मिनिटं मागे आहे असं धर. नागपूर 104 किलोमीटर पूर्वेला, पार गोंदियाच्या बाजूला जातं! समुद्रावर रेखांश काढायलाही असंच अचूक घड्याळ लागतं. इंग्लंडच्या जॉन हॅरिसनने त्यासाठी बनवलेलं एच-4 घड्याळ 1761 साली समुद्रावर तपासायला निघालं. त्याआधी खलाशांचा रेखांश वेग आणि दिशेच्या अंदाजावर चाले. अक्षांश बरोबर, रेखांश चुकलेला. मग एकच बेट दोन जहाजांच्या नोंदींतून दोनदा छापलं जाई.

दुसरं कारण नक्कल, आणि ते मला जास्त घातक वाटतं. पॅसिफिकमधल्या फ्रेंच ताब्यातल्या न्यू कॅलेडोनियाजवळचं सँडी बेट 1876 साली एका व्हेलशिकारी जहाजाने नोंदवलं. फ्रेंचांनी ते 1970च्या दशकातच आपल्या चार्टवरून (समुद्री नकाशावरून) काढलं, तरी जुन्या चार्टवरून ते डिजिटल नकाशांत शिरलं. 2012 साली ऑस्ट्रेलियन संशोधन जहाज तिथे पोचलं, तेव्हा खाली 1,300 मीटरहून खोल पाणी होतं.

म्हणून तुझ्या तक्त्यात प्रत्येक बेटाच्या नोंदीपुढे लिही: प्रथम कोणी पाहिलं, स्थान कसं काढलं, कोणत्या नकाशावरून उतरवलं. दहा नकाशांचं मूळ एकच निघालं, तर साक्षीदारही एकच धर.

खोडण्याची घाईही नको. 1875 साली ब्रिटिश नौदलाच्या चार्टवरून पॅसिफिकमधली 123 बेटं काढली गेली. त्यांतली तीन खरी निघाली. शंकेच्या बेटापुढे चार्टवर ‘ई.डी.’ म्हणजे अस्तित्व संशयास्पद, किंवा ‘पी.डी.’ म्हणजे स्थान संशयास्पद, अशी खूण असते. तुझ्या तक्त्यात या दोन शंका वेगवेगळ्या रकान्यांत ठेव, आणि कोणी किती खोली मोजली हे लिहिल्याशिवाय एकही बेट काढू नकोस.