पळताना पोरगी पडते, ती फिटच असते का?

मागच्या महिन्यात या पानावर मुलांच्या चक्करेबद्दल थोडं लिहिलं होतं, की पळता-पळता किंवा दचकून मूल बेशुद्ध पडलं तर मेंदूच्या तपासणीबरोबर एक साधा ईसीजी काढाच. त्यावर सोलापुरातून, अक्कलकोटकडून बरीच पत्रं आली. त्यातली तीन घेतेय. पहिल्याला जागा जास्त देतेय, कारण तिथं पोरीच्या जीवाचा प्रश्न आहे.

प्रश्न: डॉक्टर मॅडम नमस्कार, आम्ही अशोक चौकाजवळ राहतो, मिस्टर पॉवरलूमवर कामाला आहेत. मुलगी अकरा वर्षांची आहे, शाळेत खो-खो खेळताना दोन-तीनदा पडली, दिवाळीत बाजूलाच सुतळी बॉम्ब फुटला तेव्हा पण पडली. पडली की पांढरीफटक होते, हातपाय झटकते आणि मिनिटभरात उठून नीट बोलते. फिट म्हणून वर्षभर गोळ्या चालू आहेत, ईईजी म्हणजे मेंदूच्या लहरींची तपासणी नॉर्मल, एमआरआय नॉर्मल, तरी परत पडली. आता दुसऱ्या डॉक्टरांनी ईसीजी काढला आणि लाँग क्यूटी आहे म्हणाले, क्यूटीसी 510 आलाय. माझे धाकटे दीर एकोणिसाव्या वर्षी विहिरीत पोहताना गेले, पट्टीचे पोहणारे होते, कुणालाच कळलं नाही काय झालं ते. सासूबाई म्हणतात बाहेर कुठं बोलू नको, पोरीचं लग्न कसं होईल. हे बरं होतं का, आता काय करायचं?

उत्तर: ताई, ज्यांनी तो ईसीजी काढला त्यांनी खूप मोठं काम केलंय. तुमच्या पत्रातल्या चारही गोष्टी, खेळताना पडणं, आवाजानं पडणं, लगेच भानावर येणं आणि दिरांचं असं पाण्यात जाणं, एकाच दिशेला, लाँग क्यूटी या हृदयाच्या लयीच्या आजाराकडं बोट दाखवतात.

काय होतं ते आधी सांगते. प्रत्येक ठोक्यानंतर हृदयाच्या पेशींना पुढच्या ठोक्यासाठी परत तयार व्हायला थोडा वेळ लागतो, त्यासाठी पेशीतलं पोटॅशियम बारीक चॅनेलमधून बाहेर जावं लागतं, आणि या आजारात बहुतेकदा जन्मतःच त्या चॅनेलमध्ये खोट असते म्हणून तो वेळ लांबतो. तुमच्या मिस्टरांना विचारा, धोटा पेटीत पोचायच्या आधीच फणीचा ठोका बसला तर ताण्याचे किती दोरे एका झटक्यात तुटतात, तसंच इथं पेशी तयार नसताना मध्येच ठोका आला की सगळी लय विस्कटते. हृदय नुसतं थरथरतं, रक्त पुढं जात नाही, मेंदूला रक्त मिळालं नाही की मूल कोसळतं आणि झटकेही येतात, म्हणून बघणाऱ्याला ती फिटच वाटते. बऱ्याच वेळा लय आपोआप जागेवर येते आणि मूल उठून बसतं. नाही आली तर काय होतं ते तुमच्या घरानं बघितलंय.

फिटमध्ये बहुतेक वेळा भानावर यायला वेळ लागतो, मूल गुंगीत राहतं, जीभ चावली जाते. यात मूल पांढरं पडतं आणि लवकर सावरतं. हा फरक शंभर टक्के पक्का नसतो, पण खेळताना, पोहताना, दचकल्यावर पडलं असेल तर हृदय बघितल्याशिवाय फिटचा शिक्का मारू नये असं माझं स्पष्ट मत आहे. पण म्हणून फिटच्या गोळ्या तुम्ही स्वतःहून एकदम बंद करू नका हं, मेंदूच्या डॉक्टरांना हा ईसीजी दाखवा, ते सांगतील कशा कमी करायच्या.

आता 510 म्हणजे काय. क्यूटी हा ईसीजीवरचा तो तयार व्हायचा वेळ, मिलिसेकंदात, आणि ठोक्यांच्या वेगाप्रमाणं त्याचा हिशोब केला की क्यूटीसी येतो. पुन्हा काढलेल्या ईसीजीतही तो 480 किंवा वर राहिला आणि दुसरं काही कारण नसलं तर निदान बऱ्यापैकी पक्कं होतं, 500 च्या वर असेल तर धोका जास्त. मशीननं छापलेल्या आकड्यावर थांबायचं नाही, डॉक्टरांनी स्वतः मोजायला पाहिजे. टूडी इको म्हणजे हृदयाची सोनोग्राफी नॉर्मल येईल, कारण हृदयाची रचना चांगलीच असते, त्यामुळं 'इको नॉर्मल म्हणजे हृदय ठीक' असं कुणी म्हणालं तर तिथं विषय संपवू नका. होल्टर म्हणजे दिवसभर ईसीजी नोंदवणारं छोटं मशीन लावतील, ट्रेडमिलवर चालवून थांबल्यावरच्या काही मिनिटांत क्यूटी कसा वागतो ते बघतील. असाच अजून एक आनुवंशिक आजार आहे, सीपीव्हीटी, त्यात बसून काढलेला ईसीजी अगदी नॉर्मल असतो आणि पळवल्यावरच खरं दिसतं, म्हणून ज्यांचा ईसीजी चांगला आलाय पण मूल पळताना पडतंय त्यांनी पण ट्रेडमिल टाळू नये, फक्त ती तज्ज्ञांसमोरच करायची.

एवढं सोलापुरात होतं. त्यानंतर एकदा हृदयाच्या लयीचे तज्ज्ञ म्हणजे इलेक्ट्रोफिजिओलॉजिस्ट गाठा, पुण्यात, मुंबईत किंवा हैदराबादला, आणि जाताना आत्तापर्यंतचे सगळे ईसीजी तारखेप्रमाणं लावून न्या, फोटो नको, मूळ कागद. ते जनुक तपासणी सांगतील, रक्ताचा नमुना द्यायचा असतो. बहुतेक घरांत केसीएनक्यू1, केसीएनएच2 आणि एससीएन5ए या तीन जनुकांपैकी एकात बदल सापडतो. पहिल्या प्रकारात पळणं-पोहणं घातक, दुसऱ्यात एकदम आलेला आवाज, झोपेतून उठवणारा गजर किंवा फोन, तिसऱ्यात बरेचदा झोपेत त्रास होतो. तुमच्या मुलीत पळणं आणि आवाज दोन्ही आहे, म्हणून नुसत्या लक्षणांवरून प्रकार ठरवू नये. आणि तपासणीत काही सापडलं नाही म्हणून आजार नाही असं होत नाही, साधारण पाचात एकाला बदल सापडतच नाही.

हे बरं होतं का विचारलंत. मुळापासून जात नाही, पण आटोक्यात ठेवता येतं आणि फार चांगलं ठेवता येतं. मुख्य औषध बीटा ब्लॉकर, त्यातलं प्रोप्रॅनोलॉल आपल्याकडं सहज मिळतं आणि महागही नाही, नॅडोलॉल पण वापरतात. रोज घ्यायचं, न चुकता, बरं वाटतंय म्हणून सोडायचं नाही, ते एकदम बंद केलं तर धोका जास्तच. दमा असेल तर आधीच सांगा. उपाशीपोटी लहान मुलांची साखर कमी होऊ शकते म्हणून जेवण टाळू देऊ नका, उपासतापास नको. गोळी घेऊनही पडली तर डाव्या बाजूच्या काही नसा दुर्बिणीतून कापायची शस्त्रक्रिया असते, किंवा छातीत आयसीडी नावाचं मशीन बसवतात, ते लय बिघडली की आतूनच शॉक देतं. माणसाला पहिलं आयसीडी 1980 ला अमेरिकेत बसवलं गेलं, म्हणजे आता हे नवखं राहिलेलं नाही. पण लहान मुलात त्याच्या वायरी, बॅटरी बदलणं, विनाकारण बसलेला शॉक असे त्रास पण असतात, त्यामुळं कुणी पहिल्याच भेटीत मशीन बसवा म्हणालं तर 'आधी औषधावर बघायचं का' हे जरूर विचारा. हृदय एकदा बंद पडून वाचलेलं मूल असेल तर मात्र वेळ घालवायचा नाही. खर्चाचं म्हणाल तर महात्मा फुले जन आरोग्य योजनेतल्या दवाखान्यात आरोग्यमित्र बसतात, रेशनकार्ड-आधार घेऊन त्यांना आधीच भेटा.

घरात एक कागद फ्रिजवर नाहीतर देवघराजवळ चिकटवा, त्यावर टाळायची औषधं लिहा: अॅझिथ्रोमायसिन, क्लॅरिथ्रोमायसिन, लिव्होफ्लॉक्सासिन, फ्लुकोनॅझोल, डोम्पेरिडोन, ऑन्डान्सेट्रॉन. घसादुखी, उलटी-जुलाब याला आपल्याकडं मेडिकलवाला न विचारता हीच देतो, आणि हीच क्यूटी वाढवतात. पूर्ण यादी क्रेडिबलमेड्स या वेबसाइटवर आहे, डॉक्टरांना तिथं बघायला सांगा. उन्हाळ्यात आपल्याकडं पारा 40 च्या वर जातो, त्यात जुलाब झाले की पोटॅशियम उतरतं, तेव्हा ओआरएस लगेच सुरू करा आणि लवकर दाखवा. गड्ड्याच्या यात्रेला न्यायचं असेल तर न्या, पण दारूकामाच्या रात्री अगदी जवळ उभं करू नका.

शाळेत हेडसरांना आणि पीटीच्या सरांना लेखी सांगा. खो-खो सध्या बंद, पुढं काय खेळायचं ते तज्ज्ञ ठरवतील, कायमची घरात कोंडू नका. विहिरीत, तलावात पोहणं नाही म्हणजे नाही. आणि घरातल्या दोघांनी तरी छाती दाबायला शिकून घ्या: मूल पडलं, हाक मारून हलत नाही, श्वास नाही, तर एकानं 108 ला फोन करायचा आणि दुसऱ्यानं छातीच्या मधोमध मिनिटाला 100 ते 120 वेळा जोरात दाबत राहायचं, गाडी येईपर्यंत थांबायचं नाही. कांदा हुंगवणं, चप्पल लावणं यात तीच मिनिटं जातात.

आता सासूबाईंचं. त्यांचा स्वतःचा मुलगा असा गेलाय, त्यांची भीती मला कळते, त्यांच्यावर रागावू नका. पण त्यांना समोर बसवून सांगा की हा आजार बहुधा एका पालकाकडून येतो आणि प्रत्येक मुलाला यायची शक्यता निम्मी असते, मुलगा असो मुलगी असो. म्हणजे मिस्टर, त्यांची उरलेली भावंडं, त्यांची पोरं आणि सासू-सासरे, सगळ्यांचा ईसीजी व्हायला पाहिजे, तुमचा पण, आणि बरं वाटतंय त्यांचाही. ईसीजी नॉर्मल दिसूनही आत बदल असू शकतो म्हणून मुलीच्या जनुकातला बदल सापडला की बाकीच्यांची त्याच एका बदलासाठी तपासणी करता येते. लपवलं तर कुठल्यातरी चुलतभावाला कुणीतरी अॅझिथ्रोमायसिन देईल किंवा तो सुट्टीत विहिरीत उडी मारेल. लग्नाचं म्हणाल तर अशा मुली लग्न करतात, बाळंतपणं नीट होतात, गरोदरपणात गोळी चालू ठेवावी लागते आणि बाळंतपणानंतरचे महिने जास्त जपायचे असतात. ज्या घरात ही गोष्ट सांगून मुलगी दिली त्या घरात तिची गोळी कुणी बंद करणार नाही, मला तरी ती मुलगी जास्त सुरक्षित वाटते.

प्रश्न: मॅडम, आमचा मुलगा दोन वर्षांचा, जन्मापासून ऐकू येत नाही, कॉक्लिअर इम्प्लांट, म्हणजे ऐकू यावं म्हणून आतल्या कानात यंत्र बसवायचं ऑपरेशन, ठरलंय. माझी बायको माझ्या सख्ख्या बहिणीची मुलगी. ऑपरेशनच्या आधी डॉक्टरांनी मुलाचा आणि आम्हा दोघांचा ईसीजी मागितलाय. कानाला आणि हृदयाला काय संबंध? घरचे म्हणतात उगाच खर्च.

उत्तर: दादा, उगाच नाही, काढाच. वर सांगितलं ते पोटॅशियमचं चॅनेल हृदयात असतं तसं आतल्या कानातही असतं, तिथल्या द्रवात पोटॅशियम भरण्याचं काम तेच करतं. त्या चॅनेलच्या जनुकाच्या आईकडून एक आणि वडिलांकडून एक अशा दोन्ही प्रती बिघडलेल्या आल्या तर मूल जन्मतः बहिरं असतं आणि क्यूटीही खूप लांबलेला असतो. 1957 ला नॉर्वेमध्ये जर्वेल आणि लांगे-नीलसन या डॉक्टरांनी असं एक घर लिहून ठेवलं, सहा भावंडांत चार बहिरी, बेशुद्ध पडायची, त्यातली तीन अचानक गेली. जवळच्या नात्यात लग्न असेल तर एकच बिघाड दोघांकडं असण्याची शक्यता वाढते, आणि तसा असला तर प्रत्येक मुलाला चारात एक. यात कुणाचा दोष नाही, आपल्याकडं मामा-भाचीची लग्नं पिढ्यान्‌पिढ्या होत आलीत आणि त्यातली बहुतेक मुलं ठणठणीत असतात. बहुतेक बहिऱ्या मुलांना हा आजार नसतो हे पण खरं. पण ज्यांना असतो त्यांच्यातल्या साधारण निम्म्यांना तीन वर्षांच्या आतच त्रास सुरू होतो आणि भूल देताना माहीत नसलं तर टेबलवरच लय बिघडू शकते. क्यूटी लांबलेला निघाला तरी इम्प्लांट रद्द होत नाही, आधी बीटा ब्लॉकर सुरू करतात आणि भूलतज्ज्ञ औषधं जपून निवडतात. तुमच्या दोघांचा ईसीजी पण त्यासाठीच, अशा मुलाच्या आई-वडिलांत प्रत्येकी एक बिघडलेली प्रत असते आणि कधीकधी त्यांचाही क्यूटी थोडा लांब निघतो.

प्रश्न: वय 26, नोकरीच्या मेडिकलमध्ये मशीनवर 'क्यूटीसी 456, बॉर्डरलाइन' छापून आलं. ठोके 104 होते. त्या आठवड्यात सर्दीला अॅझिथ्रोमायसिन आणि पोटाला डोम्पेरिडोन चालू होतं. कधी बेशुद्ध पडलो नाही, घरात कुणी तरुणपणी अचानक गेलेलं नाही. नेटवर वाचून झोप उडालीये.

उत्तर: तुम्ही दिलेल्या माहितीत आजार कमी आणि गोळ्या जास्त दिसतात. ही दोन्ही औषधं क्यूटी लांबवतात, आणि ठोके 104 असताना क्यूटीसी काढायच्या नेहमीच्या बझेटच्या सूत्रानं आकडा खऱ्याहून मोठा येतो. औषधं संपून आठवडा झाला की शांत बसून, ठोके 60 ते 80 असताना परत ईसीजी काढा, फिजिशियनना हातानं मोजायला सांगा, आणि रक्तातलं पोटॅशियम, मॅग्नेशियम, कॅल्शियम एकदा बघून घ्या. परत 450 च्या वर आला तर दोन्ही कागद घेऊन हृदयाच्या डॉक्टरांकडं जा, आणि तोपर्यंत सर्दीला, पोटाला स्वतःच्या मनानं काही घेऊ नका.