"मला चढतच नाही, मॅडम"

नऱ्ह्याहून एक आई मुलाला घेऊन आल्या होत्या. मुलगा सव्वीसचा, हिंजवडीत नोकरीला. (ओळख पटेल असे तपशील बदलले आहेत.) दारूपायी लिव्हर खराब होऊन नवरा गेलेला. खुर्चीत नीट टेकायच्या आधीच त्यांनी विचारलं, "दारू रक्तातच उतरते का हो? हाही बापाच्याच वाटेनं जाणार?"

दारू उतरत नाही, पण कल उतरू शकतो. १९७३ मध्ये डेन्मार्कमधला एक अभ्यास प्रसिद्ध झाला. व्यसनी पालकांचे मुलगे तान्हेपणीच दत्तक गेले, परक्या घरात वाढले, तरी त्यांच्यात व्यसनाचं प्रमाण इतर दत्तक मुलग्यांच्या जवळपास चौपट निघालं. म्हणजे सगळं खापर घरातल्या वातावरणावर फोडता येत नाही. त्याच वेळी, व्यसनी बापाची बरीच मुलं व्यसनी होत नाहीत, हेही तितकंच खरं. त्यांना मी ते दोनदा सांगितलं.

मुलगा हसून म्हणाला, "आई उगाच घाबरते. मला चढतच नाही. चार पेगनंतरही मित्रांना मीच गाडीनं घरी सोडतो."

माझ्या पोटात गोळा आला. गाडीमुळे तर आलाच, पण 'चढत नाही' यामुळे जास्त. अमेरिकेत मार्क शुकिट या मनोविकारतज्ज्ञांनी विशीतल्या तरुणांना मोजून दारू दिली आणि सुमारे दहा वर्षांनी पुन्हा गाठलं. व्यसनी वडिलांच्या ज्या मुलांना तेव्हा कमी चढली होती, त्यांतले ५६ टक्के व्यसनात सापडले होते. ज्यांना चांगलीच चढली होती, त्यांतले १४ टक्के. ज्याला लवकर गरगरतं तो थांबतो. ज्याचं शरीर 'पुरे' म्हणतच नाही, तो ग्लास भरत राहतो आणि मेंदूला तेवढ्याची सवय लागते.

आई हळूच म्हणाल्या, "ह्यांनाही चढायची नाही. लग्न ठरलं तेव्हा दीरांनी कौतुकानं सांगितलं होतं."

मुलगा बराच वेळ जमिनीकडे पाहत होता.

तो फक्त शनिवारी प्यायचा, सकाळी हात थरथरत नव्हते, म्हणून लगेच बंद कर म्हणता आलं. रोज पिणाऱ्याला मी असं कधीच सांगत नाही. एकदम सोडल्यावर फिट येऊ शकते, तिथे आधी डॉक्टर लागतात.

मागच्या महिन्यात तो एकटाच आला. जाताना दारात थांबून म्हणाला, "धाकटा बारावीत आहे. अजून घेत नाही. त्याला कधी आणू?"

मी म्हटलं, "याच शनिवारी आण."