'तानाकुरा' फारसी आहे का?

प्रश्न असा आला आहे: तेहरानचा एक सहकारी वापरलेल्या कपड्यांच्या दुकानाला 'तानाकुरा' म्हणतो. फारसीत 'तन' म्हणजे शरीर. तेव्हा तनावर घालायचं ते, अशी काही व्युत्पत्ती आहे का?

तर्क छान आहे, पण 'तन'चा इथे काही संबंध नाही. हा शब्द जपानी आहे आणि मुळात ते एका बाईच्या सासरचं आडनाव आहे!

बाईचं नाव ओशिन. एनएचके या जपानी वाहिनीवर एप्रिल १९८३ ते मार्च १९८४ रविवार सोडून रोज सकाळी पंधरा मिनिटं लागणाऱ्या मालिकेची ही नायिका. एकूण भाग २९७, लेखिका सुगाको हाशिदा. जपानातल्या यामागाता भागात दुसऱ्याची जमीन कसणाऱ्या एका गरीब शेतकऱ्याची ही मुलगी. घरात भात पुरावा म्हणून त्यात मुळा मिसळून शिजवतात. अखेर पोतंभर तांदळाच्या बदल्यात सात वर्षांच्या पोरीला दुसऱ्याचं मूल सांभाळायला पाठवतात. बर्फात ती तराफ्यावर बसून नदीतून निघते आणि बाप काठाकाठाने धावतो. हा प्रसंग बघून न रडलेला माणूस मला अजून भेटायचा आहे.

पुढे तिचं लग्न तानोकुरा घराण्यात होतं. नवरा कापडाचा व्यापारी. नंतर दोघं लहान मुलांचे तयार कपडे करू लागतात आणि १९२३च्या भूकंपात ते सगळं जमीनदोस्त होतं. इराणमध्ये ही मालिका आली ती ऐंशीच्या दशकात, इराकशी झालेल्या युद्धाच्या काळात. टंचाई तिकडेही होतीच. कपडे विकून पोट भरणारी बाई लोकांना आपल्यातलीच वाटली आणि तिचं आडनाव जुन्या कपड्यांच्या दुकानांना चिकटलं. उच्चारात 'नो'चा 'ना' झाला, एवढंच.

गंमत म्हणजे व्हिएतनामने याच मालिकेतून दुसराच शब्द उचलला. तिथे ती नव्वदच्या दशकात दाखवली गेली आणि 'ओशिन' म्हणजे घरकाम करणारी बाई, असा अर्थ रूढ झाला. एकीकडे धंदा, दुसरीकडे मोलमजुरी. ज्याला जे जवळचं, ते त्याने घेतलं. साठाहून अधिक देशांत ही मालिका का चालली याचं उत्तर मला किमोनो-चेरीच्या बहरापेक्षा या दोन शब्दांत जास्त सापडतं. खुद्द जपानात या वेडाला 'ओशिंड्रोम' ('ओशिन' अधिक 'सिंड्रोम') म्हणत. १९८४ साली त्या शब्दाला नव्या शब्दांचा पुरस्कारही मिळाला.

व्याकरणाच्या भाषेत हे विशेषनामाचं सामान्यनाम होणं. 'आमच्या वाड्यात तीन नारद आहेत' म्हणताना आपण तेच करतो. मूळ 'तानोकुरा'ची फोडही सोपी आहे: 'ता' म्हणजे भाताचं शेत, 'नो' म्हणजे आपला 'चा-ची-चं', 'कुरा' म्हणजे कोठार. शेताचं कोठार!

मराठीत याला प्रतिशब्द कोणता? 'बोहारीण' सुचतं, पण ती जुने कपडे घेऊन भांडी देते. तानाकुरात कपडे विकत मिळतात. 'जुन्या कपड्यांचं दुकान' हेच बरं. आणि 'दुकान' हा शब्द आपल्याकडे फारसीतूनच आला आहे, त्यामुळे तुमच्या सहकाऱ्याला निम्मं तरी कळेल. इराणी दुकानाबद्दल लिहिताना 'तानाकुरा' लिहा, मालिकेतल्या घराण्याबद्दल लिहिताना 'तानोकुरा'.