शब्दशंका : पायी चालणारे नेट

गेल्या अंकात कृष्णविवराच्या पहिल्या छायाचित्राविषयी जो लेख आला होता, त्यात 'दक्षिण ध्रुवावरची माहिती स्नीकरनेटनेच आली' असे एक वाक्य होते. शब्दाचा अर्थ द्यायचा राहून गेला, ही चूक आमची. त्यावर आलेल्या पत्रांपैकी चार पत्रे येथे घेतली आहेत.

प्रश्न : 'स्नीकरनेट' हा शब्द घरातल्या तिन्ही कोशांत सापडला नाही. नातू म्हणतो की बूट विकणारे एखादे संकेतस्थळ असावे. खरा अर्थ काय?
— एक ज्येष्ठ वाचक, रामबाग, इंदूर

उत्तर : नातवाचा तर्क निम्मा बरोबर आहे, कारण या शब्दात बूट खरोखरच आहेत. रबरी तळव्याच्या कापडी बुटांना अमेरिकेत 'स्नीकर' म्हणतात. चामडी टाचेसारखा त्यांचा टकटक आवाज होत नाही, म्हणून पाऊल न वाजवता गुपचूप सरकणे या अर्थाच्या 'स्नीक' या क्रियापदावरून त्यांना हे नाव पडले. एका संगणकावरचा मजकूर तारेने किंवा लहरींनी न धाडता फ्लॉपी, टेप, पेनड्राइव्ह, हार्ड डिस्क अशा एखाद्या वस्तूवर उतरवून घ्यायचा, ती वस्तू खिशात घालायची आणि चालत जाऊन दुसऱ्या संगणकाला लावायची, या साऱ्या खटाटोपाला संगणकवाल्यांनी थट्टेने दिलेले नाव म्हणजे स्नीकरनेट.

या थट्टेची गंमत कळायची तर 'इथरनेट' हा शब्द शेजारी ठेवून पाहावा लागतो. एका इमारतीतले संगणक तारेने एकमेकांना जोडण्याची पद्धत बॉब मेटकाफ यांनी १९७३ मध्ये झेरॉक्स कंपनीच्या पालो आल्टो येथील संशोधन केंद्रात मांडली आणि तिला इथरनेट हे नाव दिले. प्रकाश ज्यातून वाहतो असे एकोणिसाव्या शतकातले भौतिकशास्त्रज्ञ मानत असत, त्या अदृश्य आणि सर्वव्यापी 'ईथर'वरून ते घेतले होते. ज्या कचेरीत अशी तार पोचलेली नसे, तेथला माणूस फ्लॉपी घेऊन जिने चढत-उतरत असे आणि विचारल्यावर म्हणे, 'आमच्याकडे इथरनेट नाही, स्नीकरनेट आहे.' एकीकडे वजनहीन, दिव्य ईथर आणि दुसरीकडे घामेजलेले बूट, या विजोड जोडीत शब्दाचा सगळा विनोद आहे.

ज्यांनी फ्लॉपी पाहिलीच नाही त्यांच्यासाठी सांगायचे तर, साडेतीन इंची फ्लॉपीवर १.४४ मेगाबाइट एवढाच मजकूर मावत असे, म्हणजे आजच्या मोबाइलने काढलेले एक छायाचित्रही तिच्यात बसले नसते. राजवाड्यामागच्या एका खोलीत अक्षरजुळणी करून घेऊन तिथली फ्लॉपी छापखान्यात नेण्याचे काम मी काही वर्षे केले आहे. एका फ्लॉपीवर विश्वास टाकायचा नाही, दोन न्यायच्या, हा पहिला धडा त्यात मिळाला. दुसरा धडा अधिक कडू होता. फ्लॉपी उघडली, मजकूरही दिसला, पण छापखान्याच्या संगणकात आमचा मराठी फॉन्ट नव्हता, त्यामुळे अख्खे संपादकीय रोमन अक्षरांच्या आणि चिन्हांच्या भेंडोळ्यासारखे दिसू लागले. फॉन्टची वेगळी फ्लॉपी आणायला पुन्हा सायकल काढावी लागली. तेव्हा हा शब्द मला माहीत नव्हता. माहीत असता तर त्या संध्याकाळी मी तो हसून वापरला असता की नाही, याची खात्री नाही.

प्रश्न : या शब्दाला मराठी प्रतिशब्द कोणता? 'पादत्राणजाल' कसा वाटतो? तसेच हा शब्द कोणत्या लिंगी चालवावा आणि 'स्नीकर' लिहावे की 'स्निकर'?
— एक निवृत्त शिक्षिका, राजेंद्रनगर, इंदूर

उत्तर : सोपे आधी. मूळ उच्चार दीर्घ असल्याने 'स्नीकर' लिहावे. 'नेट बंद पडले', 'नेट आले' असे आपण म्हणतो, तेव्हा स्नीकरनेटही नपुंसकलिंगीच राहील. विभक्ती लावताना मात्र सावध राहायला हवे. 'स्नीकरनेटने आणले' असेच लिहावे, 'स्नीकरनेटाने' नव्हे, कारण मराठीत जोर या अर्थाचा एक जुना 'नेट' आहे आणि 'नेटाने' म्हटले की तोच उभा राहतो. 'स्नीकरनेटवरून' हेही मला खटकते. 'वरून' यायला एखादी तार, वाट किंवा पूल लागतो, आणि इथे तर सामान नेणारा माणूसच आहे.

आता प्रतिशब्द. 'पादत्राणजाल' वाचून मला चपलांच्या दुकानातील सुतळीच आठवली. जेथे मुळातच विनोद आहे तेथे संस्कृत समास घडवला की विनोद जातो आणि अर्थही येत नाही, अशी माझी समजूत आहे. त्यापेक्षा आपल्या इतिहासात काय सापडते ते पाहू. पेशवाईच्या कागदांत 'जासूदजोडी' हा शब्द भेटतो. पत्रे पोचवणारे जासूद जोडीने धाडले जात, म्हणजे वाटेत एकाला काही झाले तरी दुसरा पुढे जाई. होळकरांची आणि शिंद्यांची माळव्यातली खलबते पुण्याला कळत ती अशाच चालणाऱ्या पायांमुळे. माझ्या दोन फ्लॉप्यांमागचे तत्त्व वेगळे नव्हते. शिवाय या शब्दाची कुळकथाही स्नीकरशी जुळते. अरबीतला 'जासूस' म्हणजे हेर, लपतछपत बातमी काढणारा. तो फारसीतून मराठीत आला, 'जासूद' झाला आणि बातमी काढणाऱ्यापेक्षा बातमी पोचवणाराच अधिक ठरला. इंग्रजीतल्या बुटांनीही गुपचूप सरकण्यापासून निघून असाच साधेपणा धरला. एवढे सारे जमत असूनही 'जासूदजाल' मी सुचवणार नाही, आणि त्याचे कारण आपले इंदूरच आहे. येथे प्रत्येक मराठी माणसाच्या एका कानात हिंदी असते आणि हिंदीत जासूस अजूनही हेरच आहे. मुलीने वडिलांना 'फाइल जासूदजालाने पाठवते' असे लिहिले, तर वडील आधी तिला फोन करून सगळे ठीक आहे ना, हे विचारतील.

मला विचाराल तर मराठीने हे काम फार पूर्वी, एकही नवा शब्द न घडवता, करून ठेवले आहे. पुण्याला निघालेल्या कोणा ओळखीच्या माणसाबरोबर पाकीट द्यायचे असले की त्याच्या कोपऱ्यात आपण 'हस्ते' लिहून त्याचे नाव घालतो, आणि एकाने दुसऱ्याकडे, दुसऱ्याने तिसऱ्याकडे देत वस्तू पोचली की ती 'हस्ते-परहस्ते' आली असे म्हणतो. टपालखात्याला वगळून वस्तू पोचवणे जसे 'हस्ते', तसे तारेला वगळून माहिती पोचवणेही 'हस्ते'च. म्हणून 'मुंजीची चित्रफीत हार्ड डिस्कवर घालून मामांच्या हस्ते पाठवली आहे' हे वाक्य पुरेसे आहे, आणि त्यात मामाही आहेत, जे स्नीकरनेटमध्ये नाहीत. जेथे तारेच्या जाळ्याशी मुद्दाम तुलना करायची असेल किंवा थट्टा हवी असेल, तेथे 'स्नीकरनेट' जसाच्या तसा ठेवावा. अर्जात, पावतीत किंवा कचेरीच्या पत्रात तो घालू नये.

प्रश्न : आता घरोघरी फायबर आले आहे. मग हा शब्द आणि ही पद्धत इतिहासजमा झाली, असे म्हणायला हरकत नाही ना?
— अभियांत्रिकीचा विद्यार्थी, इंदूर

उत्तर : हरकत आहे, आणि ती गणिताची आहे. समजा इंदूरहून पुण्याला १ टेराबाइट मजकूर धाडायचा आहे आणि आपल्या जोडणीचा पाठवण्याचा वेग सेकंदाला ४० मेगाबिट आहे. एक टेराबाइट म्हणजे दहा लाख मेगाबाइट आणि एका बाइटचे आठ बिट, म्हणजे ८० लाख मेगाबिट, म्हणून सुमारे २ लाख सेकंद, अर्थात साडेपंचावन्न तास लागतील, आणि तेही मध्ये वीज गेली नाही तर. आता तोच मजकूर हार्ड डिस्कवर उतरवायला तीन तास, रात्रीच्या बसला बारा तास आणि पुण्यात उतरवून घ्यायला पुन्हा तीन तास धरा. अठरा तासांत काम झाले. सरासरी काढली तर बसमधली ती डिस्क सेकंदाला सव्वाशेच्या आसपास मेगाबिट या वेगाने 'वाहत' होती. पिशवीत अशा दहा डिस्क असतील आणि त्या उतरवायला दोन्हीकडे पुरेसे संगणक असतील, तर हा आकडा दसपट होतो, आणि बसचे भाडे मात्र तेवढेच राहते.

मग रोजचे काम आपण बसने का करत नाही? कारण वेग दोन प्रकारचा असतो आणि आपण दोन्हींना एकच नाव देतो. नर्मदेचे पाणी जलूदहून नळाने इंदुरात येते. तोटी उघडली की धार लगेच सुरू होते, पण टाकी भरायला वेळ लागतो. टँकर आला की हजारो लिटर एकदम मिळतात, पण तो येईपर्यंत घोटभरही मिळत नाही. एकाच वेळी किती येते याला बँडविड्थ म्हणतात, आणि पहिला थेंब यायला किती वेळ लागतो त्याला विलंब. स्नीकरनेटची बँडविड्थ अफाट असते आणि विलंबही अफाट. फोनवर बोलायचे असेल तर बारा तासांनी येणारा 'हॅलो' निरुपयोगी आहे, पण दहा वर्षांचे दप्तर हलवायचे असेल तर बारा तासांचे कोणाला काही वाटत नाही.

कृष्णविवराचे छायाचित्र हे याचेच उदाहरण. एम ८७ या दीर्घिकेतील कृष्णविवराची निरीक्षणे एप्रिल २०१७ मध्ये स्पेन, चिली, मेक्सिको, हवाई, अ‍ॅरिझोना आणि दक्षिण ध्रुव या सहा ठिकाणच्या आठ दुर्बिणींच्या मोहिमेत झाली. जमलेली माहिती सुमारे ५ पेटाबाइट, म्हणजे वर धरलेल्या डिस्कसारख्या पाच हजार डिस्क, एवढी होती. ती तारेने धाडण्याचा विचार करण्यातही अर्थ नव्हता, म्हणून हार्ड डिस्कच विमानाने अमेरिकेतील हेस्टॅक वेधशाळेत आणि जर्मनीतील बॉन येथे नेण्यात आल्या. ध्रुवावरच्या डिस्कना मात्र थांबावे लागले. तेथल्या हिवाळ्यात विमाने ये-जा करीत नाहीत, त्यामुळे एप्रिलमध्ये नोंदलेली माहिती हेस्टॅकला पोचायला डिसेंबर उजाडला. छायाचित्र १० एप्रिल २०१९ रोजी प्रसिद्ध झाले. विलंब म्हणजे काय, हे यापेक्षा चांगले मला समजावता येणार नाही.

व्यापारातही हे चालते. अ‍ॅमेझॉनने २०१५ मध्ये 'स्नोबॉल' नावाची मजबूत पेटी काढली, जी ग्राहकाकडे जाते, भरून परत येते. पुढच्या वर्षी तर १०० पेटाबाइट मावणारा, ट्रकने ओढायचा ४५ फुटी कंटेनर आणला, जो पुढे बंद झाला. क्यूबात, जेथे इंटरनेट दीर्घकाळ महाग आणि दुर्मीळ होते, तेथे चित्रपट, मालिका, बातम्या आणि जाहिराती यांचा सुमारे एक टेराबाइटचा 'साप्ताहिक पुडा' हार्ड डिस्कवरून घरोघर फिरत असे. त्याला ते लोक 'एल पाकेते' म्हणतात. आपल्याकडे महाविद्यालयाच्या वसतिगृहांत जे चालत आले आहे, त्याचेच हे व्यवस्थित रूप समजावे.

या पद्धतीची एक काळी बाजू आपल्या विद्याशाखेत आपण शिकालच. काही संगणक सुरक्षेसाठी मुद्दाम कोणत्याही जाळ्याला जोडत नाहीत आणि मधल्या त्या रिकाम्या जागेला 'एअर गॅप' म्हणतात. ती फट ओलांडते ते स्नीकरनेटच. इराणमधील नातान्झ येथील युरेनियम केंद्रावर हल्ला करणारा आणि २०१० मध्ये उघडकीला आलेला 'स्टक्सनेट' हा घातक प्रोग्रॅम तेथे पेनड्राइव्हमधून शिरला, असे मानले जाते. 'परहस्तगतं गतम्' हा सुभाषितकाराचा इशारा गेलेल्या वस्तूपुरता होता, पण पेनड्राइव्हच्या बाबतीत परहस्तातून परत आलेल्या वस्तूलाही भ्यावे लागते.

प्रश्न : पेनड्राइव्हलाच स्नीकरनेट म्हणता येईल का? आणि पायांऐवजी दुसऱ्या कशाने माहिती नेली तर?
— एक वाचिका, वैशालीनगर, इंदूर

उत्तर : पेनड्राइव्हला म्हणता येणार नाही. पेनड्राइव्ह हे पाकीट आहे आणि स्नीकरनेट हा ते पोचवण्याचा व्यवहार. 'माझे स्नीकरनेट हरवले' हे वाक्य म्हणून चुकीचे. बस, विमान, जहाज यांनी नेले तरी शब्द तोच राहतो, कारण मूळचे बूट आता नावापुरतेच उरले आहेत.

पक्ष्यांचा प्रश्न आपण विचारलेला नाही, पण तो राहवत नाही. इंटरनेटचे नियम ज्या मालिकेत प्रसिद्ध होतात, तिच्यात १ एप्रिल १९९० रोजी डेव्हिड वेट्झमन यांनी कबुतरांकरवी माहिती पाठवण्याचे नियम, अगदी गंभीर चेहऱ्याने, नोंदवले. २००१ मध्ये नॉर्वेतील बर्गेन येथील काही संगणकप्रेमींनी ते प्रत्यक्षात करून पाहिले. त्यांनी नऊ संदेश धाडले आणि चारांची उत्तरे परत आली. सर्वांत जलद उत्तराला त्रेपन्न मिनिटांहून अधिक, आणि सर्वांत सावकाश आलेल्याला पावणेदोन तासांहून अधिक वेळ लागला. अशा वाहतुकीला मी स्नीकरनेट म्हणणार नाही.